दळणापासून ऑफिसपर्यंत : सायकलला पुन्हा कामाला लावताना

आमच्या सोसायटीत जिन्याखाली सतरा सायकली आहेत. एकदा लाइट गेली असताना वेळ जाईना म्हणून मोजल्या. त्यांतल्या रोज बाहेर पडतात तीन : वॉचमनकाकांची, दुसऱ्या मजल्यावरच्या शाळकरी पोराची आणि माझी. उरलेल्या चौदांचे टायर जमिनीला चिकटलेत, सीटवर कबुतरांची कृपा. बहुतेक सगळ्या गिअरच्या, जाड टायरच्या, चांगल्या महागातल्या. मालकांनी त्या व्यायामासाठी घेतल्या होत्या. व्यायामाचा कंटाळा महिनाभरात येतो. दळण मात्र पंधरा दिवसांनी संपतंच, कंटाळा येवो न येवो.

म्हणून हा लेख सायकलिंगचा छंद लावून घेण्यासाठी नाही. स्कूटरने होणारी घरची आणि ऑफिसची कामं सायकलवर कशी आणायची, एवढंच यात आहे. मी कोथरूडला राहते, त्यामुळे रस्ते पुण्यातले येतील. पण दळण, पंक्चर आणि पाऊस सगळीकडे सारखेच.

आधी काही विकत घेऊ नका

एक आठवडा फक्त लिहून काढा : घरातलं कोण, कुठे, किती लांब, काय घेऊन गेलं. माझ्या वहीत निघालं ते असं. गिरणी ६०० मीटर, भाजी एक किलोमीटर, मुलीचा क्लास दीड किलोमीटर, बँक आणि पोस्ट मिळून दोन, ऑफिस सहा. म्हणजे ऑफिस सोडलं तर आमची स्कूटर दिवसभर दोन किलोमीटरच्या आतच घिरट्या घालत होती. थंड इंजिनाने मारलेल्या अशा छोट्या फेऱ्यांत गाडी पेट्रोलही जास्त पिते. सुरुवात या फेऱ्यांपासून करा. पहिल्याच दिवशी ऑफिसला निघालेला माणूस दुसऱ्या दिवशी पाय धरून बसतो.

पैशांचा हिशेबही आत्ताच करून टाका, म्हणजे पुढे अपेक्षाभंग होणार नाही. ऑफिसला जाऊन-येऊन १२ किलोमीटर, महिन्याचे २४ दिवस, म्हणजे २८८ किलोमीटर. स्कूटर लिटरला ४५ देत असेल तर साडेसहा लिटरच्या आत-बाहेर पेट्रोल. एक लिटर पेट्रोल जळलं की साधारण २.३ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो, तेव्हा महिन्याला पंधराएक किलो वाचला. रुपयांत पाहिलं तर सहाशे-सातशे. श्रीमंत होणार नाही कुणी. मला खरा फायदा झाला तो पार्किंग शोधण्याचा आणि पंपावरच्या रांगेचा वेळ वाचण्यात.

सायकल कुठली?

जिन्याखाली पडलेली आहे ना, तीच. नसेल तर जुनी घ्या. सायकल मोटारवाहन नसल्यामुळे लायसन्स, पासिंग, विमा काही लागत नाही. (पूर्वी असं नव्हतं. सायकलला नगरपालिकेचा बिल्ला लागायचा, आणि दिव्याशिवाय किंवा डबलसीट सापडलात तर पोलीस दंड करायचे. पुणं सायकलींचं शहर म्हणून मिरवत होतं तेव्हाच्या या गोष्टी बाबा अजून रंगवून सांगतात.)

कामाच्या सायकलला पाच गोष्टी हव्यात : मडगार्ड, कॅरिअर, डबल स्टँड, चेनकव्हर आणि घंटी. दुकानात चकाकणाऱ्या सायकलींना नेमक्या याच पाच नसतात. मडगार्ड नसेल तर पहिल्याच पावसात पाठीवर चिखलाची उभी रेघ उठते. चेनकव्हर नसेल तर पँटची मोहरी, सलवार, ओढणी यांतलं काहीतरी चेनमध्ये जातं. पुढचा शॉकॲब्सॉर्बर भाव खातो, पण डांबरी रस्त्यावर तो बिनकामाचं ओझं आहे. मागचा शॉकॲब्सॉर्बर असलेली सायकल तर घेऊच नका, तिला धड कॅरिअर बसत नाही.

गिअर हवेत का, हे तुम्ही राहता कुठे त्यावर. पेठांतून डेक्कनला जायचं तर नकोत. वाटेत सेनापती बापट रस्त्याचा चढ किंवा चांदणी चौक येत असेल तर मागचे सहा-सात गिअर असलेले बरे.

आता एक आग्रहाचं सांगते, पुरुषमंडळी हसतील : लेडीज सायकल घ्या. मधला दांडा नसलेली. कॅरिअरवर डबा बांधलेला असताना मागून टांग टाकता येत नाही, पाय डब्यावर आपटतो आणि सायकलसकट आडवे होता. दांडा नसेल तर पुढून पाय घालून सरळ बसता येतं. माझ्या भावाने वर्षभर माझी चेष्टा केली. हल्ली भाजी आणायला तो माझीच सायकल नेतो.

जुनी सायकल मेकॅनिककडे नेताना नुसतं ‘सर्व्हिसिंग करा’ म्हणू नका. दोन्ही चाकं उचलून फिरवायला सांगा, रिम आउट, म्हणजे वाकडी, असेल तर ती ब्रेकला घासताना दिसते. ब्रेकचे रबर बदलून घ्या. टायरला कडेने चिरा पडल्या असतील तर टायरही बदला, तिथे काटकसर नको.

सीट आणि हवा

‘सायकल चालवली की गुडघे दुखतात’ म्हणणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांची सीट खाली असते. दोन्ही पाय जमिनीला पुरले पाहिजेत या भीतीने ती खाली घेतलेली असते. माप सोपं आहे. भिंतीला धरून सीटवर बसा, एक पेडल अगदी खाली आणा, त्यावर टाच ठेवा. पाय सरळ झाला पाहिजे. मग चालवताना पेडलवर चवडा येतो आणि गुडघ्यात थोडासा बाक राहतो, तेवढाच हवा. थांबताना एका पायाचा चवडा जमिनीला लागला की पुरे.

हवा किती, ते टायरच्या कडेवरच लिहिलेलं असतं, पीएसआय या दाबाच्या मापात. कमी हवेची सायकल म्हणजे मागून कुणीतरी ओढून धरल्यासारखी. आठवड्यातून एकदा भरा. व्हॉल्व्ह मोटारसायकलसारखा जाड असेल तर पेट्रोल पंपावर भरता येते, मात्र थोडी थोडी. तिथलं मशीन गाड्यांसाठी असतं आणि सायकलची ट्यूब एवढीशी. घरात हातपंप असावा, हे उत्तम.

दळणाचा डबा कसा बांधायचा

हे नीट जमलं की पुढचं सगळं जमतं, म्हणून जरा सविस्तर.

पंक्चरवाल्याकडून एक फाटकी ट्यूब मागून आणा. बहुतेक फुकट देतो. व्हॉल्व्हपाशी कापून टाका आणि कात्रीने उभी दुभागा. दोन लांबलचक पट्ट्या मिळतील, दुकानातल्या हूकवाल्या दोऱ्यांपेक्षा सरस. त्या हूक सुटून डोळ्याला लागू शकतात, ट्यूबची पट्टी कुणाला काही करत नाही.

सायकल डबल स्टँडवर लावा. साइड स्टँडवर दहा किलोचा डबा ठेवलात तर सायकल हळूहळू, विचार करत करत कलंडते. कॅरिअरवर आधी पोत्याचा दुमडलेला तुकडा टाका, नाहीतर स्टीलचा डबा लोखंडावर सरकतो. डबा पुढे रेटून सीटला टेकवा. जितका मागे, तितकं पुढचं चाक हलकं होतं आणि चढावर हँडल लटपटतं. आता पट्टीचं एक टोक कॅरिअरच्या खालच्या सळईला बांधा. पट्टी चांगली ताणून झाकणावरून पलीकडे न्या, तिथल्या सळईखालून घ्या, तिरकी परत आणा. दुसरी पट्टी उलट्या बाजूने, म्हणजे झाकणावर फुली पडते. शेवटचं टोक गाठ न मारता ताणलेल्या पट्टीखाली खोचा. सोडताना एक हिसका पुरतो.

परीक्षा अशी : डबा धरून हलवा. सायकल हलली पाहिजे, डबा नाही.

येताना पीठ गरम असतं. घरी आपण झाकण उघडं ठेवून निववतो, सायकलवर ते शक्य नाही. झाकणाखाली सुती फडकं घाला, वाफ त्यात जिरते. घरी पोचल्यावर लगेच उघडा. वजन घेऊन निघताना सायकल पहिले क्षणभर डुलते, तेव्हा गर्दीत चढून बसू नका, दहा पावलं हातात धरून चाला. ब्रेक मागचा आधी, आणि नेहमीपेक्षा लवकर. भरल्या सायकलला थांबायला जास्त अंतर लागतं.

हँडलला पिशवी अडकवू नका. मी अडकवली होती. नळस्टॉपच्या अलीकडे पिशवी पुढच्या चाकात गेली, मी रस्त्यावर, आणि दोन किलो कांदे कर्वे रस्ताभर. एका रिक्षावाल्याने रिक्षा आडवी लावून मागची वाहतूक थांबवली आणि कांदे गोळा करून दिले. वर म्हणाला, ‘ताई, मागे बांधायचं ना.’

पुढे बास्केट लावली तर त्यात हलकं सामान : कोथिंबीर, ब्रेड, औषधं. जड ते मागे आणि खाली. कॅरिअरला दोन्ही बाजूंना लटकणाऱ्या पिशव्या मिळतात, त्यांत बटाटे एका बाजूला आणि सगळ्या पालेभाज्या दुसऱ्या बाजूला असं करू नका. नुसतं सीटच्या दांड्याला पकडणारं कॅरिअर असेल तर त्यावर लिहिलेलं वजन वाचा, बहुतेकदा दहा किलोच्या आसपास असतं. ज्याचे पाय मागच्या चाकाच्या आसाला बोल्टने बसतात तेच दळणाचं कॅरिअर.

जास्तीत जास्त किती नेता येतं? घरगुती सिलिंडरमध्ये गॅस १४.२ किलो, लोखंडासकट वजन तिसाच्या घरात जातं, आणि असे सिलिंडर सायकलला अडकवून नेणारी माणसं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत. तो त्यांचा हात. आपण पंधरा किलोवर थांबावं.

रस्ता निवडणं

स्कूटरचा रस्ता सायकलला लागू पडत नाही. नकाशा उघडा आणि मोठ्या रस्त्याला समांतर जाणारी गल्ली शोधा. अंतर थोडं वाढू द्या. फ्लायओव्हर टाळा, चढ आणि वेग दोन्ही अंगावर येतात. जायचा आणि यायचा रस्ता वेगळा असू शकतो. माझं ऑफिस शिवाजीनगरला आहे. जाताना फर्ग्युसन रस्ता, येताना जंगली महाराज रस्ता, कारण दोन्ही एकेरी. सायकल आहे म्हणून उलट्या दिशेने घुसू नका. पेठांत जाणाऱ्यांनी पावसाळ्यात दुसरा पूल हाताशी ठेवावा. खडकवासला धरणातून पाणी सोडलं की नदीवरचा भिडे पूल बंद होतो, आणि हे काठावर पोचल्यावर कळलं तर चडफडायला होतं.

ठरलेला रस्ता रविवारी सकाळी एकदा चालवून बघा. घड्याळ लावा. ताशी पंधराच्या आरामशीर वेगाने सहा किलोमीटरला पंचवीस मिनिटं लागतात, सिग्नल धरून तीस. या फेरीत खड्डे, पंक्चरवाले आणि कुत्र्यांच्या टोळ्या कुठे आहेत तेही टिपून घ्या. तिन्ही जागा बदलत नाहीत.

फुटपाथवरच्या रंगवलेल्या सायकल ट्रॅकबद्दल माझं मत चांगलं नाही. शंभर मीटर छान जातात, मग विजेची डीपी येते, मग वडापावची गाडी, मग ट्रॅकच संपतो. मी रस्त्यावरूनच जाते. पण रस्त्याच्या अगदी कडेला नाही. उभ्या गाड्यांपासून हातभर, जमलं तर जास्तच, अंतर ठेवा. कारचं दार कधी उघडेल सांगता येत नाही. कडेला चिकटलात की मागचा गाडीवाला तुम्हाला घासून पुढे जातो, जरा आत राहिलात की वळसा घालतो. चिडतो, पण घालतो.

पावसाळी गटारांच्या जाळ्यांवर लक्ष ठेवा. ज्या जाळीच्या सळया रस्त्याच्याच दिशेने आहेत तिच्यात चाक सरळ अडकतं. स्टॉपवर थांबलेली बस आणि फुटपाथ यांच्या मधून कधीही जाऊ नका. मोठ्या चौकात उजवीकडे वळायची भीती वाटत असेल तर वळू नका : सरळ पलीकडे जा, उतरा, सायकल हातात धरून पादचाऱ्यांबरोबर रस्ता ओलांडा. अर्धा मिनिट जास्त जातो. मी अजूनही काही चौकांत हेच करते. रात्री मागे लाल दिवा हवाच, नुसता रिफ्लेक्टर पुरत नाही.

ऑफिसात पोचल्यावर

घामाचा प्रश्न सगळे विचारतात. घाम अंतराने कमी आणि घाईने जास्त येतो. दहा मिनिटं आधी निघा, शेवटचा अर्धा किलोमीटर रमतगमत जा. पाठीवर सॅक घेऊ नका, ती कॅरिअरला बांधा, पाठ कोरडी राहते. एक नॅपकिन, एक जादा कुर्ता किंवा शर्ट, आणि बरे बूट ऑफिसच्या खणातच ठेवायचे.

पार्किंगचा मात्र सामना करावा लागतो. माझ्या एका जुन्या ऑफिसात कार उभ्या करायला दोन तळघरं होती आणि सायकल लावायला ‘मॅडम, इथे नको’ एवढीच जागा. आठवडाभर रोज त्याच वॉचमनला ‘मग कुठे लावू ते दाखवा’ असं गोड बोलून विचारलं. सहाव्या दिवशी जनरेटरमागची जागा मिळाली. कुलूप लावताना नुसतं चाक बांधू नका. साखळी चाकातून आणि फ्रेममधून काढून पाइपला किंवा रेलिंगला अडकवा.

पाऊस आणि पंक्चर

जोरदार पावसात मी जात नाही. रिमझिम असेल तर जाते. रेनकोटात आतून घामानेच भिजायला होतं, त्यापेक्षा हँडलवरून पसरणारा पोंचो बरा. तो चाकात जात नाही ना ते तेवढं पाहा. ओल्या रिमवर ब्रेक उशिरा लागतात, म्हणून मधूनमधून हलकेच दाबून रिम पुसून घ्यायची सवय लावा. घरी आल्यावर चेन कोरड्या फडक्याने पुसा आणि शिलाई मशीनच्या तेलाचे थेंब सोडून पेडल उलटं फिरवा. खोबरेल नको. थंडीत ते थिजतं, आणि एरवी धूळ धरून त्याचं काळं मलम होतं.

पंक्चर होणारच. स्वतः काढायला शिका किंवा शिकू नका, पण एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा : ट्यूबला ठिगळ लागलं तरी काम संपलेलं नसतं. माझी एकच सायकल आठवड्यात तीनदा बसली. तिसऱ्या वेळी एका म्हाताऱ्या पंक्चरवाल्याने ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे पाहिले, भोकावर खडूने फुली मारली, ट्यूब टायरशेजारी धरून जागा जुळवली आणि टायरच्या आतून हळूच बोट फिरवलं. केसाएवढी तार निघाली. आधीच्या दोघांनी टायरच्या आत पाहिलंच नव्हतं. तेव्हापासून मी पंक्चरवाल्यापुढे उभी राहून ‘टायरमध्ये बोट फिरवा’ म्हणते. ट्यूबला शेजारी शेजारी दोन भोकं दिसली तर काटा शोधत बसू नका. हवा कमी असताना खड्ड्यात आपटून रिमने ट्यूब चावली आहे.

लांब पल्ला आणि जड सामान

मुंबईचे डबेवाले १८९० पासून हेच करत आले आहेत : लांबचा टप्पा लोकलने, दोन्ही टोकांना सायकल नाहीतर पाय. दहा किलोमीटरच्या पुढे ऑफिस असेल तर आपणही त्यांचंच गिरवावं. पुणे मेट्रोत सायकल नेऊ देतात. लिफ्टने वर जा, रुंद गेटमधून आत शिरा, गर्दीची वेळ टाळा. नाहीतर सरळ स्टेशनला सायकल लावून पुढे मेट्रो घ्या. गुडघे कुरकुरत असतील किंवा रोजच चढ असेल तर बॅटरीवाली सायकल बघायला हरकत नाही. २५० वॉटपर्यंतची मोटर आणि ताशी २५ किलोमीटरच्या आतला वेग असेल तर तिलाही लायसन्स-रजिस्ट्रेशन लागत नाही. फक्त तिचं वजन बघून घ्या, लिफ्ट नसलेल्या इमारतीत ती जिन्याने चढवायची झाली तर जड जाते.

कपाट, फ्रिज, वर्षाचे गहू हे सायकलवर आणण्याचा हट्ट मी करत नाही. गव्हासाठी आम्ही चार घरं मिळून एकच बॅटरीवर चालणारा तीनचाकी टेम्पो बोलावतो. पूर्वी चार टेम्पो यायचे आणि चारही जाताना रिकामे जायचे.

स्कूटर विकू नका, निदान पहिलं वर्ष तरी. आजारपण असतं, रात्री-अपरात्री निघावं लागतं. पण सायकलची सवय लागली की स्कूटर नुसती उभी राहते. आठवड्यातून एकदा पाच-सात मिनिटं सुरू करून ठेवा, नाहीतर बॅटरी उतरते. आमची दोनदा उतरली, आणि दुसऱ्या वेळी ती काढून मेकॅनिककडे नेली सायकलच्या कॅरिअरवर, ट्यूबच्या पट्टीने बांधून.